बसच्या खिडकीतून न दिसलेल्या बायका

(महिला मेळाव्यात ‘बाईचा मोकळा वेळ’ या सत्रात केलेल्या भाषणाचा मजकूर.)

संयोजकांनी मला मोकळ्या वेळावर बोलायला सांगितलं आहे. मी त्यासाठी एका दिवसाच्या बससहलीचं उदाहरण घेणार आहे. गेल्या वर्षी आम्ही २३ जणी मॉरिशसला गेलो. त्यात शिक्षिका होत्या, परिचारिका होत्या, निवृत्त कारकून होत्या आणि एक पोळी-भाजी केंद्र चालवणारी होती. चार वर्षं भिशी लावून पैसे साठवले होते. तिथे एक अख्खा दिवस मोठ्या बसमधून, गाइडबरोबर, आम्ही बेटाचा दक्षिण-पश्चिम भाग फिरलो. सकाळी आठला निघालो आणि संध्याकाळी सहाला परत आलो.

‘चळवळीतल्या बाईला परदेशी सहल कशी काय सुचते?’ असं काही जणींनी मला विचारलं. काहींनी विचारलं नाही, पण त्यांच्या चेहऱ्यावर ते दिसत होतंच. म्हणून आधी त्याचंच उत्तर देते.

पुरुष सहलीला निघतो तेव्हा बॅग भरतो. बाई निघते तेव्हा आधी घर भरते. आमच्यातल्या बहुतेकींनी निघण्याआधीचे आठ दिवस चटण्या कुटण्यात, डबे भरून फ्रीजमध्ये ठेवण्यात आणि सासूबाईंच्या गोळ्यांचं वेळापत्रक लिहून कपाटावर चिकटवण्यात घालवले. म्हणजे सुट्टी मिळावी म्हणून आधी दुप्पट काम केलं. बसमध्ये बसल्यावरही पहिला तास फोन चालूच होते. दूध तापवलं का, कामवाल्या मावशी आल्या का, गॅस नीट बंद केला का. दुपारी जेवताना पोळी-भाजी केंद्रवाली मैत्रीण म्हणाली, “सव्वीस वर्षांत कामाच्या वारी मी पहिल्यांदा दुसऱ्यानं वाढलेलं गरम जेवतेय.” त्यावर कुणीच काही बोललं नाही.

अशा दिवसाला चैन म्हणणं मला मान्य नाही. आठ तास काम, आठ तास झोप आणि आठ तास स्वतःसाठी, अशी मागणी कामगार चळवळीनं केली. पण त्यातले स्वतःचे आठ तास बाईच्या वाट्याला कधी आलेच नाहीत. खिडकीशी बसून, कुणासाठी काहीही न करता, नुसतं बाहेर बघत राहायचा हक्क बाईला आहे. तो मागताना आपण लाजता कामा नये.

हे झालं पहिलं. दुसरी गोष्ट अशी की, एका बाईला मोकळा वेळ मिळतो तेव्हा तो बहुतेक वेळा दुसऱ्या बाईच्या श्रमावर उभा असतो. त्या दिवशी मला हे फार स्पष्ट दिसलं. म्हणून तो दिवस थोडा क्रमानं सांगते.

मॉरिशस हे हिंदी महासागरातलं बेट. आकार जेमतेम दोन हजार चौरस किलोमीटर, म्हणजे आपल्या रत्नागिरी जिल्ह्याच्या साधारण चौथाई. एका दिवसात बराच भाग बघून होतो. आमची बस आधी क्युअरपीपला गेली. तिथे गर्द झाडीनं भरलेलं एक ज्वालामुखीचं विवर आहे. वाटेत लाकडी जहाजांच्या प्रतिकृती करणारा कारखाना आणि स्वेटरचं दुकान लागलं. मग ग्राँ बासँ, ज्याला तिथले हिंदू गंगा तलाव म्हणतात. तिथे शंकराचा ३३ मीटर उंच पुतळा आहे. पुढे ब्लॅक रिव्हरच्या दऱ्या, शामारेलचा धबधबा आणि सात रंगांची माती. शेवटी समुद्रात घुसलेला ल मोर्नचा डोंगर. प्रत्येक ठिकाणी वीस मिनिटं, फोटो, पुन्हा बस. निसर्ग सुंदर आहे यात शंकाच नाही. त्याचं वर्णन तुम्हाला कुठल्याही माहितीपत्रकात मिळेल, म्हणून मी ते करत नाही.

दोन ठिकाणांच्या मधल्या रस्त्यावर काय होतं, ते मी सांगते. तिथे ऊस होता. मैलोगणती ऊस. तो हिरव्या समुद्रासारखा दिसतो, असं गाइडताई म्हणाल्या, आणि सगळ्यांनी फोटो काढले. पण आमच्यात दोघी मराठवाड्यातल्या होत्या. त्यांतल्या एकीनं विचारलं, “तोडणी कोण करतं?”

या प्रश्नाचं उत्तर म्हणजेच त्या बेटाचा इतिहास आहे. आधी फ्रेंचांनी आणि मग इंग्रजांनी आफ्रिका-मादागास्करहून आणलेल्या गुलामांकडून तिथे राबवून घेतलं. १ फेब्रुवारी १८३५ ला तिथली गुलामगिरी कायद्यानं संपली. नुकसानभरपाई मिळाली ती मालकांना, गुलामांना नाही. उसाला हात तर हवेच होते. म्हणून १८३४ पासून हिंदुस्थानातून करारावर मजूर न्यायला सुरुवात झाली. १९२० पर्यंत जवळजवळ पाच लाख माणसं पोर्ट लुईच्या बंदरात उतरली. बहुतेक कलकत्ता आणि मद्रासहून गेली, पण काही मुंबई बंदरातूनही गेली. त्यात कोकणातली माणसं होती. आज तिथे मराठी म्हणवणारा समाज आहे, गणेश चतुर्थीला सार्वजनिक सुट्टी असते, आणि आपल्या जाखडीला ते झाकरी म्हणतात.

सुरुवातीच्या जहाजांत बायका फारच थोड्या होत्या. मळेवाल्यांना तरणे पुरुष हवे होते. पुढे सरकारला अट घालावी लागली की, इतक्या पुरुषांमागे इतक्या बायका पाठवल्याच पाहिजेत. आपण त्यांच्यासाठी काही करतो आहोत असं सरकार समजत होतं, पण कागदावर बाई आली ती प्रमाण भरून काढणारा आकडा म्हणून. मळ्यावरच्या कराराचा नियमही ऐका. एक दिवस गैरहजर राहिलं तर दोन दिवसांची मजुरी कापायची. याला तिथे ‘दुहेरी कपात’ म्हणत.

मराठवाड्यातल्या मैत्रिणीला हे सांगितल्यावर ती म्हणाली, “म्हणजे आपला खाडाच की!” बरोबर आहे. आपल्याकडे आजही ऊसतोडीला गेलेल्या जोडीनं खाडा केला तर मुकादम दंड लावतो. २०१९ साली बीड जिल्ह्यातल्या ऊसतोड बायकांच्या गर्भाशय काढण्याच्या शस्त्रक्रियांचा प्रश्न पुढे आला आणि सरकारला चौकशी समिती नेमावी लागली. पाळी आली की खाडा पडतो, खाडा पडला की उचल फिटत नाही, मग पिशवीच काढून टाका. एका बाजूला शंभर-दीडशे वर्षांपूर्वीचं परदेशी बेट, दुसऱ्या बाजूला आपला बीड जिल्हा. पीक एकच आणि हिशेबही एकच. आणि आपण बसमधून बघून म्हणतो, किती हिरवंगार आहे!

जहाजांच्या कारखान्याबद्दल सांगायचं राहिलं. तिथे जुन्या युरोपी शिडाच्या जहाजांच्या फार देखण्या प्रतिकृती करतात. लाकूड कापायला पुरुष होते. शिडांच्या दोऱ्या ओवायला, गाठी मारायला बायका होत्या. काम इतकं बारीक की, मान वर करायला फुरसत नाही. आम्हाला सांगण्यात आलं, “बायकांची बोटं नाजूक असतात, त्यांना हे जमतं.” मैत्रिणींनो, हे वाक्य आपण विडीच्या कारखान्यात ऐकलंय, काजूच्या कारखान्यात ऐकलंय. जे काम बाईला ‘मुळातच जमतं’ ते कौशल्य ठरत नाही, आणि कौशल्य ठरलं नाही की मजुरी वाढत नाही.

स्वेटरच्या दुकानाचंही तेच. १९७० साली मॉरिशसनं निर्यात करणाऱ्या उद्योगांना सवलती देणारा कायदा केला. कारखाने उभे राहिले आणि त्यात मोठ्या संख्येनं बायका लागल्या. देशाची भरभराट झाली, तिचं कौतुकही झालं. २००४ च्या अखेरीस कपड्यांच्या जागतिक व्यापारातली कोटा पद्धत संपली. त्या सुमारास कारखाने बंद पडत गेले तेव्हा घरी बसल्या त्याही बायकाच. आम्ही मात्र दुकानात स्वस्त काय मिळतंय ते बघत होतो.

जेवणाच्या ठिकाणी सेगा नाच होता. हा नाच गुलामांनी जन्माला घातला. बकऱ्याचं कातडं ताणलेला रावान वाजवायचा, रात्री जमायचं आणि दिवसभराचं दुःख बोलून दाखवायचं. २०१४ साली युनेस्कोनं पारंपरिक सेग्याला अमूर्त सांस्कृतिक वारशाच्या यादीत घेतलं. आमच्यासमोर तो आला तो झगमगीत घागऱ्यांतल्या हसऱ्या मुलींच्या रूपात. नाचणाऱ्या मुलींना मी दोष देत नाही, ते त्यांचं काम आहे. पण बेट विकताना समुद्र, वाळू आणि बाई एकाच फोटोत बसवायची ही रीत ओळखायला आपण शिकलं पाहिजे. गोव्याच्या जाहिराती आठवून बघा.

आणि संडास! हसू नका. आपल्याकडे बायका बसप्रवासात पाणी पीत नाहीत, कारण थांब्यावर सोय नसते. याच प्रश्नावर २०११ पासून मुंबईत बायकांनी मुतारीच्या हक्काची मोहीम चालवली. त्या दिवशी प्रत्येक थांब्यावर स्वच्छ संडास होते. आम्ही सगळ्या पोटभर पाणी प्यायलो. बाहेर हातात फडकं घेऊन उभी होती ती बाईच. याच देशात २०१७ साली सरकारी शाळांत सफाई करणाऱ्या बायकांनी उपोषण केलं होतं. त्यांना महिन्याला १५०० मॉरिशस रुपये मिळत. त्यांनी हा प्रश्न साऱ्या देशापुढे आणला, सरकारला दखल घ्यावी लागली. जानेवारी २०१८ पासून तिथे राष्ट्रीय किमान वेतन लागू झालं. मागितल्याशिवाय कुणी दिलं नाही.

आता आमच्या गाइडताईंविषयी. आम्ही मराठीत बोलतोय हे ऐकून त्या म्हणाल्या, “माझी आजी मराठी. आरत्या सगळ्या पाठ होत्या तिला.” ही आजी उसात खुरपणी करायची, डोक्यावरून खत वाहायची. परतीच्या वाटेवर कास्कावेल हे मराठी वस्तीचं गाव आलं, तेव्हा त्यांनी माइक खाली ठेवून हे सांगितलं. सकाळपासून आम्हाला मातीचे सात रंग कशाने होतात तेही कळलं होतं, पण आजीची गोष्ट कार्यक्रमात नव्हती. मी विचारलं, तुम्ही हे सगळ्यांना का सांगत नाही? त्या म्हणाल्या, “ठरवून दिलेलं असतं तेवढंच बोलायचं. आणि फेरी मिळेल त्या दिवशीच पैसे.” त्यांची सकाळ साडेपाचला स्वतःच्या घरचा स्वयंपाक उरकून सुरू झाली होती.

दुसऱ्या दिवशीचा समुद्रकिनाऱ्याचा कार्यक्रम सोडून आम्ही सात जणी साध्या बसनं पोर्ट लुईला गेलो. तिथे आप्रवासी घाट आहे. २००६ पासून तो जागतिक वारसा आहे. मजूर चढून आले त्या दगडी पायऱ्या तिथे आहेत. तिकीट नाही. त्या दिवशी आम्हाला अंजले कूपेनविषयीही कळलं. १९४३ च्या सप्टेंबरात उत्तरेकडच्या बेल व्ह्यू हारेलच्या मळ्यावर मजुरांनी मजुरीसाठी संप केला. पोलिसांनी गोळीबार केला. त्यात गरोदर असलेली अंजले मारली गेली. आज तिच्या नावाचं मोठं क्रीडांगण आहे. दहा तासांच्या सहलीत तिचं नाव एकदाही आलं नव्हतं.

मग काय, सहलीला जाऊ नये? मुळीच नाही. जरूर जा. २०२३ सालापासून आपल्याकडे एसटीत बायकांना अर्धं तिकीट झालं, आणि कितीतरी जणी पहिल्यांदा एकट्या बाहेर पडल्या. ही लहान गोष्ट नाही. पण आपल्या गटाची सहल निघेल, मग ती रायगडला असो की परदेशी, तेव्हा चार गोष्टी ठरवून करूया.

एक, ज्या घरातून बाई निघते तिथली कामं निघण्याआधी घरातल्यांत वाटली जावीत. डबे भरून ठेवणं बंद. दोन, गाइड आणि ड्रायव्हर यांचे तास आणि मेहनताना आधी विचारून घ्यावा, आणि जेवण शक्य तिथे बचत गटाकडे द्यावं. तीन, कार्यक्रमात एक तास तिथल्या कष्टकरी बायकांशी बोलायला राखून ठेवावा. दुकानासाठी वेळ निघतो, तर यासाठीही निघेल. चार, प्रत्येक ठिकाणी एक प्रश्न मोठ्यानं विचारावा: हे कुणी बांधलं, कुणी पिकवलं, कुणी पुसलं?

हा प्रश्न विचारल्यानं सहलीचा आनंद कमी होतो असं मला वाटत नाही. आम्हा सात जणींना विचारा. मॉरिशसचं काय लक्षात राहिलं म्हटलं, तर धबधब्याचं नाव त्यांना चटकन आठवणार नाही. अंजलेचं आठवेल.