किनाऱ्यावरचा कॅमेरा
(सुवर्णमहोत्सवी व्याख्यानमालेतील भाषण)



मंडळाच्या या मंगल प्रसंगी मी आपणांस एका दूरदेशीच्या माणसाची ओळख करून देणार आहे. न्यूझीलंडमधील माओरी चित्रपटकर्ते बॅरी बार्क्ले हे त्यांचे नाव.

माओरी हा पॉलिनेशियन समाज. दुसऱ्या महायुद्धानंतर हा समाज मोठ्या संख्येने खेडी सोडून शहरांत आला. शाळेत इंग्रजी, कामावर इंग्रजी. पाहता पाहता घरातही इंग्रजीच आली आणि आजीची भाषा नातवंडांना परकी झाली. मुलुख सोडलेल्यांचे हे दुःख आपणांस उलगडून सांगावयास नको.

बार्क्ले यांचा जन्म १९४४ चा. १९७४ साली त्यांनी इतिहासकार मायकेल किंग यांच्या सहकार्याने ‘तांगाता फेनुआ’, म्हणजे ‘भूमीची माणसे’, ही सहा भागांची माहितीपटमालिका केली. तेव्हा त्या देशात दूरचित्रवाणीची एकच वाहिनी होती. त्यामुळे हनुवटीवर परंपरागत गोंदण असलेल्या वृद्ध माओरी स्त्रियांचे बोलणे गोऱ्यांच्या घरांतही ऐकले गेले.

त्यांची कार्यपद्धती लक्षात घेण्याजोगी आहे. माओरी सभेत ज्याला बोलावयाचे त्याला बोलू देतात आणि इतर ऐकतात. कॅमेऱ्यानेही असेच श्रोत्याच्या जागी बसावे, अशी बार्क्ले यांची धारणा होती. म्हणून ते तो दूर ठेवीत आणि लांब पल्ल्याच्या भिंगातून चित्रण करीत. बोलणाऱ्याला संकोच वाटू नये, हा त्यामागील हेतू.

पुढे त्यांनी एक मार्मिक दृष्टांत दिला. परक्यांचे जहाज किनाऱ्याला लागते, तेव्हा कॅमेरा सहसा जहाजाच्या डेकवर असतो. तो किनाऱ्यावरच्या माणसांच्या हाती आला तर काय दिसेल? या विचारातूनच त्यांनी मूळनिवासींच्या ‘चौथ्या सिनेमा’ची संकल्पना मांडली. १९८७ मधील त्यांचा ‘न्गाती’ हा माओरी दिग्दर्शकाचा पहिला कथापट मानला जातो. त्याच वर्षी माओरी भाषेला राजभाषेचा दर्जाही मिळाला.

२००८ मध्ये बार्क्ले निवर्तले. चित्रण ही चित्रकाराची मालमत्ता नव्हे. ज्यांचे चेहरे आणि शब्द त्यात आहेत त्यांची ती ठेव आहे आणि आपण केवळ तिचे राखणदार, हा त्यांचा आग्रह मला सर्वांत मोलाचा वाटतो.

आपल्या मंडळातही जात्यावरच्या ओव्या, गावाकडची बोली आणि स्थलांतराच्या हकीकती सांगणारी वडीलधारी मंडळी आहेत. ध्वनिमुद्रणाचे यंत्र आता प्रत्येकाच्या खिशात आहे. उणीव आहे ती निवांत ऐकणाऱ्याची. त्यांच्या संमतीने, त्यांच्याच गतीने त्यांना बोलू द्यावे, बोलणाऱ्याचे नाव-गाव नोंदवावे आणि एक प्रत त्यांच्या घरी पोहोचवावी. हे काम पुढच्या महोत्सवापर्यंत थांबणारे नाही, एवढे नम्रपणे सांगून आपली रजा घेतो.