एक भाषा, दोन राज्यें

रक्त एक, भाषा एक, लिपि एक. तरीहि शेजारच्या दोन राज्यांत जमीनअस्मानाचें अंतर पडूं शकतें. कोरिया हें त्याचें बोलकें उदाहरण होय. १९४५ सालीं जपानची सत्ता तेथून उठली, आणि ३८ व्या अक्षांशाच्या उत्तरेस रशियन व दक्षिणेस अमेरिकन सैन्य आलें. नकाशावरील ही रेघ तात्पुरती मानिलेली होती. परंतु १९४८ सालीं तिच्या दोहों बाजूंस दोन राज्यें उभीं राहिलीं.

आरंभीं उत्तरेचें पारडें जड होतें. हुंगनामचा खतांचा कारखाना व जपान्यांनीं बांधलेलीं मोठीं वीजकेंद्रें तिच्याच वाट्यास आलीं. दक्षिणेंत मुख्यतः भातशेती. १९४८ च्या मे महिन्यांत उत्तरेनें वीज तोडली, तेव्हां दक्षिणेची मोठीच कोंडी झाली.

मग पारडें फिरलें तें कशानें? १९५० ते १९५३ च्या युद्धानें दोघांचीहि राखरांगोळी केली. दक्षिणेनें कसणारांस जमीन दिली, शाळा वाढविल्या आणि १९६० नंतर परदेशीं माल विकण्याचा सपाटा लाविला. तेथेंहि लष्करी अंमल होता. पण १९८७ सालीं लोकांनीं रस्त्यावर येऊन अध्यक्ष निवडण्याचा हक्क परत मिळविला. उत्तरेनें मात्र दारें मिटून घेतलीं व सत्ता एकाच घराण्याच्या हातीं ठेविली. १९९१ सालीं सोव्हिएट संघराज्य मोडलें, आधार तुटला, आणि त्याच दशकांतील दुष्काळांत लाखों माणसें अन्नावांचून मेलीं.

२००० ते २०१८ या काळांत ताटातूट झालेल्या कांहीं कुटुंबांच्या अधूनमधून भेटी घडविण्यांत आल्या. दोनतीन दिवसांनीं वृद्ध भावंडें पुन्हां आपापल्या राज्यांत परतत. त्यांचा निरोप घेण्यास दुभाष्या लागत नसे.