अक्षरांची जादू आणि आबाजींचा अंगठा

हेडफोन लावलेत ना? आजचा विषय थोडा वेगळा आहे. हा भाग ऐकायला जमला नाही तर इथे वाचा, नेहमीसारखाच बोललो तसाच लिहिलाय.

गेले काही महिने मी एक फॅन्टसी कथा लिहितोय. त्यातली जादू मंत्रांची नाही, कोरलेल्या चिन्हांची आहे. दगडावर, धातूवर एखादं चिन्ह कोरलं की ते काम करायला लागतं. दार बंद राहतं, शेताचं रक्षण होतं, खोटं बोलणाऱ्याची जीभ अडकते. मी खूश होतो. मग एका मैत्रिणीने विचारलं, "ठीक आहे, पण तुझ्या जादूचे नियम काय? कोणीही काहीही कोरलं की झालं का?"

मी गप्प. 'फुलमेटल अल्केमिस्ट' पाहिलंय ना तुम्ही? तिथे वर्तुळ आखलं तरी काही मिळवायला तेवढंच काही द्यावं लागतं. माझ्याकडे असा एकही नियम नव्हता.

नियम सापडले ते आपल्याच जिल्ह्यात. वर्ध्याहून यवतमाळच्या रस्त्याला लागलं की देवळी येतं. तिथे एक ताम्रपट सापडला होता. राष्ट्रकूट राजा कृष्ण तिसरा, शके 862, म्हणजे इसवी सन 940. राजाने एक गाव दान दिलं, त्याचा तो दस्तऐवज. ते गाव ज्या भागात होतं त्याचं नाव त्यात 'नागपूर-नंदिवर्धन' असं आहे. नागपूर या नावाचा सगळ्यात जुना उल्लेख म्हणून हाच ताम्रपट सांगितला जातो. आणि तो सापडला आपल्या देवळीत!

ताम्रपट म्हणजे काय, तर तांब्याचे पत्रे. त्यांना भोक पाडून कडी ओवायची आणि कडीवर राजाची मुद्रा. पत्रा बदलायचा तर कडी तोडावी लागणार, म्हणजे लबाडी उघडी पडणार. हे झालं आजच्या भाषेत पासवर्डसारखं.

पण राजांना माहीत होतं, तांबं एकटं पुरत नाही. म्हणून अशा दानपत्रांच्या शेवटी बहुधा शाप असतो. जमीन देणारा साठ हजार वर्षं स्वर्गात, हिसकावणारा तितकीच वर्षं नरकात. कोकणात तर दगडच उभे केले, त्यांना गद्धेगाळ म्हणतात. अलिबागजवळ अक्षीला तसा एक आहे. वर चंद्र-सूर्य, म्हणजे ते आहेत तोवर हे दान चालणार. मध्ये मजकूर. आणि खाली गाढवाचं असं चित्र, की ही आईवरून दिलेली शिवी आहे हे न वाचता येणाऱ्यालाही कळावं.

आता दुसरा नियम. अमरावती जिल्ह्यात अचलपूरजवळ चम्मक नावाचं गाव आहे. तिथला ताम्रपट वाकाटक राजा दुसरा प्रवरसेन याचा, पाचव्या शतकातला. एक हजार ब्राह्मणांना गाव दिलं, पण अटी घालून. राजद्रोह करायचा नाही, चोरी-व्यभिचार करायचा नाही, युद्ध करायचं नाही, दुसऱ्या गावांचं वाईट करायचं नाही. अट मोडली तर राजा जमीन परत घेईल आणि ती चोरी ठरणार नाही. म्हणजे चिन्हाची ताकद फुकट नाही, ती वागण्याशी बांधलेली आहे.

आणि बनावट चिन्हं? तीही होती. सातव्या शतकात उत्तरेत सम्राट हर्षाने एका माणसाकडून गाव काढून घेतलं, कारण त्याचा ताम्रपट खोटा निघाला. हे आपल्याला कळतं ते हर्षाच्याच दुसऱ्या ताम्रपटातून.

इथवर मी मजेत टिपणं काढत होतो. मग आबाजी आठवले.

आमच्या आबाजींना वाचता यायचं नाही. पोरीच्या लग्नासाठी त्यांनी अडीच एकर वावर गहाण ठेवलं. निदान त्यांना तसं वाटलं. कागद पुढे आला, शाई लावली, अंगठा टेकवला. पैसे फेडायला गेले तेव्हा कळलं, तो कागद गहाणाचा नव्हता, विक्रीचा होता. वावर गेलं. पुढे कित्येक वर्षं ते एकच सांगायचे, "कागद बोलते बापा. पण ज्याले वाचता येते, त्याच्याशीच बोलते."

माझ्या कथेतला तिसरा नियम हाच झाला. चिन्हाची जादू सगळ्यात जास्त चालते ती ते वाचू न शकणाऱ्यावर. त्या अक्षरांत वीज नव्हती, देव नव्हता. त्यांच्यामागे कचेरी होती, साक्षीदार होते आणि त्यांना मान देणारं गाव होतं. आबाजींच्या बाजूने वाचणारं कोणी नव्हतं, एवढंच.

म्हणून मी नायक बदलला. आधी तो तलवारवाला राजपुत्र होता. आता ती एक मुलगी आहे, तिच्याकडे काहीच शक्ती नाही. ती फक्त वाचते. गावात जिथे जिथे चिन्ह कोरलंय तिथे उभी राहून ती मोठ्याने सांगते, इथे काय लिहिलंय. आणि एकेक चिन्ह ढिलं पडत जातं.

आता तुमच्या हातातल्या फोनकडे बघा. कर्ज देणारं अ‍ॅप उघडलं की लांबलचक मजकूर येतो, खाली 'मान्य आहे' लिहिलेलं असतं. आपण काय करतो? अंगठ्यानेच टेकवतो की! आपण शिकलेले, पण तिथे आपणही आबाजीच.

तर या आठवड्यात एक काम करा. घरी शेती असेल तर महाभूलेखच्या साइटवर तुमच्या वावराचा सातबारा काढा आणि घरातल्या म्हाताऱ्या माणसाजवळ बसून मोठ्याने वाचा. नाव, क्षेत्र, बोजा, सगळं. शेती नसेल तर फोनमधली एखादी अट पूर्ण वाचा. काय सापडलं ते मला कळवा.

कथेचं पहिलं प्रकरण पुढच्या भागात ऐकवतो. तोवर, अंगठा सांभाळा! भेटू.