दोन जुळे वायू



जानेवारी २०२० मध्ये बोरिवलीत आणि मार्च २०२३ मध्ये घाटकोपरला न्हाणीघरात माणसे दगावल्याच्या बातम्या आपण वाचल्या. दोन्ही वेळी संशय गॅस गिझरवर होता. कोंडलेल्या जागेत हवा अपुरी पडली की गॅस अर्धवट जळतो आणि कार्बन मोनॉक्साइड तयार होतो. त्याला ना रंग, ना वास.

नवल असे, की हवेत ७८ टक्के असलेला नायट्रोजन हा त्याचा जणू जुळा भाऊ. दोघांच्याही रेणूत दोन अणू, १४ इलेक्ट्रॉन, रेणूभारही २८च. मग एक जन्मभर छातीत येऊन-जाऊन असतो आणि दुसरा जीव का घेतो?

रेणूतले इलेक्ट्रॉन एकेका अणूपुरते राहत नाहीत. ते रेणूभर पसरलेल्या, चढत्या ऊर्जेच्या जागांत असतात. या जागांना ऑर्बिटल म्हणतात. जपानच्या केनिची फुकुई यांनी १९५२ मध्ये मांडले, की रासायनिक क्रिया प्रामुख्याने दोन जागा ठरवतात : भरलेल्यांपैकी सर्वांत वरची आणि रिकाम्यांपैकी सर्वांत खालची. लोकलचेच पाहा ना. अंधेरीला सारी चढउतार दाराशी होते. खिडकीपाशी बसलेल्याला तिची झळ लागत नाही. या विचाराला १९८१ मध्ये नोबेल मिळाले. रोआल्ड हॉफमन त्यात सहमानकरी होते.

नायट्रोजनच्या 'दारातला' इलेक्ट्रॉन काढायला १५.६ इलेक्ट्रॉन व्होल्ट ऊर्जा लागते, कार्बन मोनॉक्साइडला १४ पुरते. शिवाय नायट्रोजनची दोन्ही टोके सारखी. कार्बन मोनॉक्साइडमध्ये मात्र भरलेली आणि रिकामी, दोन्ही जागा कार्बनच्या टोकाकडे झुकलेल्या. हिमोग्लोबिनमधल्या लोहाला कार्बन इलेक्ट्रॉनांची जोडी देतो आणि लोह आपले इलेक्ट्रॉन त्याच्या रिकाम्या जागेत सरकवते. या दुहेरी देवघेवीने बंध पक्का होतो. ऑक्सिजनपेक्षा दोनशेहून अधिक पटींनी हा वायू हिमोग्लोबिनला धरतो. ऑक्सिजनची जागा अडते आणि श्वास चालू असूनही शरीर गुदमरते.

गॅसला मुद्दाम दिलेला वास गळती कळवतो. जळताना तयार झालेला हा वायू नाही. म्हणून गॅस गिझर न्हाणीघराबाहेर, मोकळ्या हवेतच बसवावा. अंघोळ करताना डोके जड झाले, गरगरले, तर नळ बंद करण्यातही वेळ न घालवता आधी दार उघडून बाहेर पडावे.