चौदा वर्षे जागा राहिलेला कॅमेरा
(वर्धापनदिनी केलेले भाषण)



आनंद पटवर्धन यांच्या ‘जय भीम कॉम्रेड’ या माहितीपटाविषयी दोन शब्द बोलतो. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली. लोक रस्त्यावर आले. पोलिसांनी गोळीबार केला, दहा माणसं गेली. चार दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी आपल्या घरात जीव दिला. १९८५ च्या ‘हमारा शहर’मध्ये याच शाहिराचं गाणं पटवर्धनांनी घेतलं होतं. बातमी आठवड्यात शिळी होते हो. हा गृहस्थ मात्र चौदा वर्षं वस्त्यांत येत राहिला. चित्रपट पुरा झाला २०११ ला.

कॅमेरा ऐकतो. घरातलं माणूस गेलेली बाई बोलते, कोर्टाच्या तारखा पडतात, शाहीर गातात. पोलीस म्हणाले टँकर पेटवणार होते. हा विचारतो, टँकर कुठं नि माणसं कुठं पडली?

मी गिरणीत लाल बावटा धरला, घरी निळा. विलासनं मरताना डोक्याला निळा बांधला. हे आपल्या युनियनवाल्यांनी पाहायला हवं, टाळून चालणार नाही.

येत्या पौर्णिमेला विहारात पडदा लावू. चित्रपट लांबलचक आहे, पोरांनो, म्हाताऱ्यांसाठी चटया आधी टाका.