अ‍ॅम्पच्या अलीकडे आणि पलीकडे



विषय वाचून पुढच्या रांगेतल्या काही मंडळींनी कानात घालायला कापूस आणला असेल. तशी वेळ येणार नाही. आज बोलायचं आहे ते लॅपटॉपमधल्या अ‍ॅम्पबद्दल, म्हणजे शेजाऱ्यांना पत्ता न लागता हेडफोनवर वाजवता येणाऱ्या अ‍ॅम्पबद्दल. तो घेणाऱ्या पोरांची तक्रार बहुधा एकच असते: नमुना ऐकला तेव्हा भरदार होता, घरी आणल्यावर पातळ आणि चिरका निघाला. मग पडद्यावरचे नॉब पिळण्यात रात्री जातात. माझं म्हणणं असं की दुखणं बहुतेक वेळा त्या नॉबांपाशी नसतं. ते अ‍ॅम्पच्या अलीकडे किंवा पलीकडे असतं.

एक जुना दाखला देतो. जिम मार्शल हा लंडनच्या हॅनवेल भागातला ड्रमवादक आणि वाद्यांचा दुकानदार. 1962 मध्ये त्याच्यासाठी केन ब्रॅन आणि डडली क्रेव्हन यांनी जेटीएम 45 हा अ‍ॅम्प बांधला. त्याचं सर्किट जवळजवळ जसंच्या तसं अमेरिकेतल्या फेंडर बासमनवरून उचललेलं होतं. तरी आवाज वेगळा आला. व्हॉल्व्ह आणि ट्रान्सफॉर्मर वेगळे होते, हे खरंच; पण मोठा फरक पेटीचा होता. बासमनमध्ये मागून उघड्या पेटीत दहा इंची चार स्पीकर. मार्शलकडे मागून बंद, स्वतंत्र पेटी आणि तिच्यात सेलेस्चनचे बारा इंची चार. एवढ्या बदलावर रॉक संगीताचा एक अख्खा आवाज उभा राहिला.

तर आधी पलीकडची बाजू. गिटारचा स्पीकर हा घरच्या म्युझिक सिस्टीमसारखा प्रामाणिक स्पीकर नव्हे. कागदी शंकूचा तो मोठा स्पीकर साधारण पाच हजार हर्ट्झच्या वरचं फारसं काही बाहेर येऊच देत नाही. आवाज फाटेस्तोवर व्हॉल्व्ह तापवला की वरच्या पट्टीत जो कचरा तयार होतो, तो तिथेच अडतो. सॉफ्टवेअरमध्ये कॅबिनेटचा, म्हणजे स्पीकरच्या पेटीचा, भाग बंद करून एक कॉर्ड वाजवून बघा: कढईत भजी सोडल्यासारखा चर्र आवाज येईल. तोच भाग पुन्हा चालू करा, गिटार परत येते.

हे काम सॉफ्टवेअरमध्ये बहुधा इम्पल्स रिस्पॉन्सची एक छोटी फाइल करते. एका विशिष्ट पेटीसमोर विशिष्ट माइक विशिष्ट जागी ठेवला असता आवाज कसा बदलतो, त्याचा तो ठसा असतो. म्हणजे खोलीत उभं राहून ऐकलेला अ‍ॅम्प तुम्हाला मिळतच नाही. स्टुडिओत माइकने टिपलेला अ‍ॅम्प मिळतो. ही अपेक्षा आधी दुरुस्त केली पाहिजे. दुसरं असं की माइक शंकूच्या मध्यावरून कडेकडे दोन बोटं सरकवला, तर ट्रेबलचा नॉब अर्धा फिरवूनही होणार नाही इतका फरक पडतो. 1965 पासून वापरात असलेला शुअरचा एसएम 57 बहुतेक सॉफ्टवेअरांत असतोच. तो निवडा आणि अ‍ॅम्पला हात न लावता फक्त माइक हलवा.

आता अलीकडची बाजू. गिटारचं पिकअप नाजूक असतं. त्याला साधारण दहा लाख ओहमचा रोध लागतो, म्हणून गिटार लॅपटॉपला जोडणाऱ्या ऑडिओ इंटरफेसवर गिटारचं चित्र किंवा 'इन्स्ट' लिहिलेलं बटण दाबायचं. ते न दाबता लाइनच्या भोकात वायर खुपसली की वरचे स्वर तिथेच मरतात आणि दोष बिचाऱ्या सॉफ्टवेअरला लागतो. मग पातळी. सॉफ्टवेअरला व्होल्ट कळत नाहीत, फक्त आकडे कळतात. इनपुट वाढवून दिलं तर त्याला वाटतं समोरचा माणूस दुप्पट जोराने झोडपतोय, आणि साधा स्वच्छ आवाजही फाटतो. सर्वांत जोरात छेडल्यावर काटा उणे 12 डेसिबलच्या आसपास राहील, इथून सुरुवात करा. आणि आपल्याकडची खास पीडा: लॅपटॉपचा दोन पिनांचा चार्जर. घूं असा आवाज येत असेल तर चार्जर काढून बघा. थांबला, तर महागडं नॉइज गेट विकत घेण्याआधी अर्थिंग असलेला तीन पिनांचा चार्जर लावून बघा.

तार छेडल्यापासून आवाज कानात येईपर्यंतच्या विलंबाची भीती मात्र अवास्तव आहे. बफर 128 सॅम्पलचा आणि वेग सेकंदाला 48,000 सॅम्पलचा असेल, तर एका बफरला पावणेतीन मिलिसेकंदही लागत नाहीत. येण्याजाण्याचा सगळा हिशेब धरून दहा मिलिसेकंद झाले, तरी खऱ्या अ‍ॅम्पपासून सव्वातीन-साडेतीन मीटरवर उभं राहिल्यासारखं आहे, आणि रंगमंचावर वादक अनेकदा त्याहून लांब उभे असतात.

गेनबद्दल मी जरा कडवट बोलणार आहे. एकट्याने वाजवताना जास्त गेन सुखावतो, कारण तो चुका झाकतो. रेकॉर्डिंगमध्ये त्याचा चिखल होतो. जाड आवाज हवा असेल तर गेन कमी करून तोच भाग दोनदा वाजवा, एक डावीकडे, एक उजवीकडे. एकाच टेकची नक्कल चिकटवून चालत नाही. दोन वादनांतला बारीक फरक हाच तो जाडपणा.

शेवटचा मुद्दा कानांचा. फ्लेचर आणि मनसन या दोघांनी 1933 मध्येच दाखवून दिलं की आवाज लहान असला की खर्ज आणि तीव्र स्वर कानाला कमी ऐकू येतात. म्हणून मध्यरात्री हळू आवाजात खर्ज चढवून, मधले स्वर कापून सजवलेला टोन दुसऱ्या दिवशी बँडमध्ये गायब होतो. गिटार मधल्या स्वरांत राहते. तिला तिथून हाकलू नका. टोन ठरवताना मागे ड्रम आणि बेस चालू ठेवा.

नवं सॉफ्टवेअर विकत घेण्याची घाई करू नका. न्यूरल अ‍ॅम्प मॉडेलर फुकट मिळतो आणि त्याचा दर्जा उत्तम आहे. गिटार, इंटरफेस आणि लॅपटॉप मी सोबत आणले आहेत. ज्यांना माइक सरकवून फरक ऐकायचा आहे, त्यांनी आभारप्रदर्शनानंतर व्यासपीठाजवळ यावं.