विकले कोणी?

माझ्या थोरल्या चाचांचे नाव गुलाम रसूल. आमच्या घरांत हे नाव मानाचे. प्रेषितांचा सेवक, असा त्याचा अर्थ. चौथीत-पाचवीत असताना ‘गुलामांचा व्यापार’ हे शब्द पहिल्यांदा वाचले आणि घरी येऊन मी विचारले, ‘‘चाचा, तुम्हाला कोणी विकले होते?’’ चाचा पोट धरून हसले. अब्बा मात्र हसले नाहीत.

२३ ऑगस्ट जवळ आला की हा प्रसंग आठवतो. १७९१ साली २२ ऑगस्टच्या रात्री फ्रेंचांच्या एका वसाहतीत, म्हणजे आजच्या हैतीत, उसाच्या मळ्यांवरचे गुलाम उठले. १८०४ मध्ये त्यांनी स्वतःचे राष्ट्र उभे केले. गुलामांच्या व्यापाराचे स्मरण करण्यासाठी युनेस्कोने निवडला तो हा दिवस. कुठल्या संसदेने उदार होऊन कायदा केला तो नव्हे, तर गुलामांनी आपल्या हातांनी बेड्या तोडायला घेतल्या तो. ही निवड मला फार आवडते.

याच युनेस्कोने १९९४ मध्ये पश्चिम आफ्रिकेतल्या बेनिन देशात, विदा या गावी, ‘गुलाम मार्ग’ नावाचा प्रकल्प सुरू केला. या किनाऱ्यावरून लाखो माणसे जहाजांत कोंबली गेली. इतिहासकारांनी छत्तीस हजारांवर सफरींच्या नोंदी एकत्र केल्या आहेत. अटलांटिकपलीकडे नेण्यासाठी सुमारे सव्वा कोटी माणसे जहाजांवर चढवली, पलीकडे उतरली एक कोटी सात लाखांच्या आसपास. मधला हिशेब समुद्राच्या तळाशी आहे. या नोंदी आता शिक्षकांना, विद्यार्थ्यांना फुकट पाहता येतात.

पण विदाची खरी गोष्ट आणखी अवघड आहे. तिथे माणसे विकत घेणारे युरोपियन होते. विकणाऱ्यांत दाहोमेचे आफ्रिकी राजेही होते. १९९९ मध्ये बेनिनचे तेव्हाचे अध्यक्ष मात्यू केरेकू यांनी अमेरिकेत जाऊन तिथल्या कृष्णवर्णीयांची, आपल्या पूर्वजांनी केलेल्या विक्रीबद्दल माफी मागितली. आपल्यावरचा अन्याय आठवायला फारसे धाडस लागत नाही. हे आठवायला लागते.

आता आपल्या बाजूचा समुद्र पाहू. झांझिबारचा गुलामबाजार १८७३ मध्ये बंद झाला. त्या जागी आज चर्च आहे आणि आवारात, जमिनीखालच्या खड्ड्यात, गळ्यात साखळी असलेले पुतळे उभे आहेत. त्या बाजारातले व्यापारी बहुतेक अरब आणि स्वाहिली, म्हणजे माझ्या धर्माचे. हे बोलताना जीभ अडखळते, पण बोलले पाहिजे. आणि त्यांना भांडवल पुरवणाऱ्यांत कच्छी पेढ्या होत्या. त्यांत हिंदू होते, मुसलमानही होते.

इंग्रजांच्या आरमाराने गुलामांची जहाजे पकडली की सुटलेली काही मुले मुंबईला आणली जात. त्यांपैकी काही नाशिकजवळ शरणपूरच्या मिशनमध्ये वाढली, शिकली. जेकब वेनराइट त्यांतलाच. १८७३ मध्ये डॉ. लिव्हिंग्स्टन आफ्रिकेच्या रानात वारले, तेव्हा तिथल्या झाडावर त्यांचे नाव कोरणारा हाच. शवपेटीबरोबर तो इंग्लंडलाही गेला. नाशिकच्या शरणपूर रोडवरून रोज हजारो लोक जातात. त्यांच्यातल्या कितीजणांना जेकब ठाऊक असेल?

मागे एकदा खुलताबादला मलिक अंबरच्या कबरीपाशी शाळेची सहल भेटली. गुरुजी उत्साहाने सांगत होते : निजामशाहीचा वजीर, मोगलांशी गनिमी काव्याने लढला, खडकी शहर वसवले, नहर आणली. सगळे खरे. एका मुलीने विचारले, ‘‘सर, हबशी म्हणजे?’’ ‘‘आफ्रिकेतून आलेला,’’ गुरुजी म्हणाले.

मला राहवले नाही. ‘‘आलेला नाही, आणलेला,’’ मी म्हणालो. ‘‘लहानपणी विकला गेला, मग बाजारामागून बाजार.’’

गुरुजी जरा चमकले. मुलगी माझ्याकडे वळली. ‘‘आजोबा, विकले कोणी?’’

अब्बांचा तो न हसलेला चेहरा डोळ्यांसमोर आला. गुरुजींची परवानगी घेतली, कबरीबाहेरच्या ओट्यावर टेकलो आणि मुलांना जवळ बसायला सांगितले.